याचिकेतले जनहित आणि याचिकेबाहेरचे जन

गेल्या पावसाळ्यात पनवेलच्या एका बुद्धविहारात बैठक झाली. आसपासच्या एका नगरपालिकेत कंत्राटदाराच्या हाताखाली झाडलोट करणारी तीस-पस्तीस माणसे जमली होती. त्यांत बाया अधिक होत्या. काही बौद्ध, काही मातंग, काही वाल्मीकी, दोघे-तिघे कातकरी. कोणाला आठ वर्षे झालेली, कोणाला बारा. या काळात कंत्राटदार तीनदा बदलला. झाडू तोच राहिला, रस्ता तोच राहिला, मुकादमही तोच राहिला. पगारातून भविष्यनिर्वाह निधी कापला जातो, पण तो भरला जातो की नाही हे कोणालाच ठाऊक नाही. एक तरुण कार्यकर्ता, वकिलीच्या दुसऱ्या वर्षाचा विद्यार्थी, बावीस पानांचा मसुदा घेऊन आला होता. मुंबई उच्च न्यायालयात जनहित याचिका दाखल करायची, असे त्याने ठरवले होते. मसुदा इंग्रजीत होता, आणि तो वाचून मराठीत सांगण्याचे काम माझ्याकडे आले.

मी वाचत गेलो. घटनेची कलमे होती, समतेवर उतारे होते, मानवी प्रतिष्ठेवर दोन पाने होती. कामगारांचा उल्लेख दलित, अशिक्षित, असहाय आणि मूक जनसमूह असा होता. वाचन संपल्यावर मागे बसलेल्या एका मावशींनी विचारले, "सर, यात आमचं नाव कुठं आहे?"

नाव नव्हते. जनहित याचिकेत ते असण्याची गरजच नसते. तीच तिची खासियत मानली जाते. त्या प्रश्नाला मला त्या रात्री नीट उत्तर देता आले नाही. हा लेख म्हणजे त्या उत्तराचा प्रयत्न आहे.

प्रारंभीच एक गोष्ट स्पष्ट केली पाहिजे. जनहित याचिकेची टवाळी करणाऱ्यांच्या रांगेत मी उभा नाही. ज्याच्यावर अन्याय झाला त्यानेच दाद मागावी, हा जुना नियम गरिबांच्या बाबतीत निर्दय होता. तो सैल झाला हे योग्यच झाले. १९७९ साली हुसेनारा खातून प्रकरणात बिहारच्या तुरुंगात वर्षानुवर्षे खितपत पडलेले कच्चे कैदी न्यायालयाला दिसले. १९८१ च्या डिसेंबरात एस. पी. गुप्ता खटल्यात हा नियम विस्ताराने मांडला गेला. १९८२ साली एशियाड स्पर्धेच्या बांधकामावरील मजुरांच्या प्रकरणात न्यायालयाने सांगितले की किमान वेतनापेक्षा कमी दामात राबवून घेणे ही वेठबिगारीच होय. १९८३ साली एका पत्रकार स्त्रीच्या पत्रावरून मुंबईच्या पोलीस कोठडीतील स्त्रियांच्या संरक्षणाचे आदेश निघाले. ही मिळकत लहान नाही.

परंतु या परंपरेचे एक बीज आपल्याच मुंबईत आहे, आणि त्याची आठवण सहसा कोणी काढत नाही. १९७६ सालचा मुंबई कामगार सभेचा खटला पाहा. नागदेवी भागातील लोखंडी सामानाच्या लहान लहान पेढ्यांवर राबणाऱ्या कामगारांच्या बोनसचा तो प्रश्न होता. संघटनेला दाद मागण्याचा अधिकार काय, असा आक्षेप निघाला. न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी तो फेटाळताना गरिबांच्या बाबतीत दाराचा उंबरा खाली आणावा लागेल, अशी भूमिका घेतली. उंबरा खाली आला तो कामगारांच्या स्वतःच्या संघटनेसाठी आला. पुढे त्याच उंबऱ्यावरून आत गेले ते मात्र बहुधा संघटनेबाहेरचे सद्‌गृहस्थ.

हा फरक केवळ कायद्याचा नाही. आपल्या नियतकालिकांतून साठ वर्षे ज्या प्रश्नावर वाद झाला तोच हा प्रश्न आहे: बोलायचे कोणी? दलितांविषयी सहानुभूतीने लिहिणारे मराठीत पूर्वीही होते. त्यांच्या हेतूत खोट नव्हती. पण त्यांच्या लेखनातला दलित हा नेहमी कथेचा विषय राहिला, कथेचा कर्ता झाला नाही. १९७८ साली 'बलुतं' आले, त्यापाठोपाठ इतर आत्मकथने आली, आणि पहिल्यांदा माणूस स्वतःच्या नावागावानिशी, स्वतःच्या आईबापाच्या नावानिशी बोलू लागला. प्रस्थापित समीक्षेला धक्का बसला तो विषयाच्या दाहकतेमुळे जितका, तितकाच 'मी' या सर्वनामामुळे. जनहित याचिका हा वाङ्‌मयप्रकार मानला तर तो अजून सहानुभूतीच्या साहित्याच्या टप्प्यावर आहे. त्यात 'ते' आहेत, 'मी' नाही. ३१ जानेवारी १९२० रोजी 'मूकनायक' निघाला तेव्हा मूक या शब्दाला अर्थ होता. शंभर वर्षांनंतर, बारा वर्षे मुकादमाशी रोज भांडणाऱ्या बाईला मूक म्हणणे हे वर्णन नव्हे, ती सोयीची समजूत आहे.

याउलट महाडच्या खटल्याकडे पाहा. आपण चवदार तळ्याचा सत्याग्रह आठवतो. त्यानंतरचा खटला विसरतो. १९२७ च्या डिसेंबरात सवर्णांनी महाडच्या दिवाणी न्यायालयात दावा लावला की तळे त्यांचे खाजगी आहे व अस्पृश्यांना तेथे न येऊ देण्याची वहिवाट पुरातन आहे. प्रतिवादी म्हणून बाबासाहेबांचे स्वतःचे नाव होते. कागदपत्रे काढली गेली, साक्षी झाल्या, वहिवाटीचा दावा उलटतपासणीत तपासला गेला. महाडला निकाल लागला, ठाण्याला अपील झाले, आणि १७ मार्च १९३७ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने सवर्णांचे अपील फेटाळले. म्हणजे जवळजवळ दहा वर्षे लागली. पण या दहा वर्षांत आपली बाजू कोणा त्रयस्थाच्या दयेवर उभी नव्हती. खटला आपला होता, पुरावा आपला होता, आणि न्यायालयाबाहेर चळवळही आपली होती.

जनहित याचिकेत खटला आपला नसतो, हे मी अलंकारिक अर्थाने म्हणत नाही. १९८८ साली तुरुंगातील मुलांविषयीची याचिका मागे घेण्याची परवानगी शीला बारसे यांनी मागितली. तिच्या चालण्याच्या रीतीबद्दल त्यांची तक्रार होती. सर्वोच्च न्यायालयाने परवानगी नाकारली. अशी याचिका ही याचिकाकर्त्याच्या मालकीची नसते, असे सांगून त्यांचे नाव वगळले व विधी साहाय्य समितीच्या हाती प्रकरण पुढे चालवले. यामागे तर्क आहे, तो मी नाकारत नाही. पण ज्याने दार ठोठावले त्यालाच बाहेर ठेवून खटला आत चालू राहू शकतो, तर ज्यांनी दार ठोठावलेलेच नाही त्या कामगारांचे स्थान कोठे?

आता नोकरीच्या प्रश्नाकडे येऊ. येथे तर दारावरच पाटी आहे. १९९८ साली डॉ. दुर्योधन साहू प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की सेवाविषयक वादात त्रयस्थांच्या जनहित याचिका प्रशासकीय न्यायाधिकरणांनी घेऊ नयेत. घेतल्या तर ज्या जलद निकालासाठी न्यायाधिकरणे झाली तो हेतूच बुडेल. २०१० साली हरिबंश लाल प्रकरणात तेच पुन्हा सांगितले गेले: सेवाविषयक बाबीत जनहित याचिका नाही, अपवाद एवढाच की एखादा माणूस सार्वजनिक पदावर कोणत्या अधिकाराने बसला आहे असे विचारायचे असेल तर. २००४ च्या डिसेंबरात नागपूरच्या एका वकिलाला जनहिताच्या नावाखाली खंडणीसारखा व्यवहार केल्याबद्दल पंचवीस हजारांचा दंड कायम झाला.

हा अनुभव माझ्याही पदरी आहे. माझे वडील वीटभट्टीवर होते. घरात मी पहिला पदवीधर. नेट उत्तीर्ण झाल्यावर सहा वर्षे मी एका महाविद्यालयात तासिका तत्त्वावर शिकवले. बिंदुनामावलीप्रमाणे दोन राखीव जागांचा अनुशेष तेथे होता. आम्ही काही मित्र जनहित याचिकेचा विचार घेऊन वकिलांकडे गेलो. त्यांनी पाच मिनिटांत सांगितले, "हा सर्व्हिस मॅटर आहे. तुमची व्यक्तिशः तक्रार असेल तर तुमच्या नावाने या." नावाने जायचे म्हणजे पुढच्या जूनमध्ये तासिका मिळणार नाहीत. मी गेलो नाही. ही कबुली येथे देणे मला आवश्यक वाटते. कारण नावाने लढा असे इतरांना सांगणे सोपे असते.

तरीही न्यायालयाच्या या नियमावर मी सरसकट टीका करणार नाही. कार्यकर्त्यांनी क्षणभर उलट बाजूने विचार करावा. सेवाविषयक बाबीत कोणाही त्रयस्थाला दार उघडे असते, तर पहिल्या हजार याचिका राखीव जागांवरील नेमणुकांविरुद्ध आल्या असत्या. आपल्या पोराची नेमणूक झाली की दुसऱ्या दिवशी कोणी गुणवत्तेचा कैवारी न्यायालयात हजर. तेव्हा ही भिंत काही प्रमाणात आपलेही रक्षण करते.

माझी तक्रार वेगळी आहे. भिंत सर्वांसाठी सारखी उंच नाही. एका कामगाराची नोकरी हा सेवाविषयक प्रश्न ठरतो. पण एका संपूर्ण समूहाचा नोकरीतला वाटा हा धोरणाचा प्रश्न ठरतो, आणि धोरणाला कोणीही नागरिक आव्हान देऊ शकतो. २०१८ च्या मराठा आरक्षण कायद्याविरुद्ध मुंबई उच्च न्यायालयात जी प्रकरणे चालली त्यांत जनहित याचिका होत्या. २७ जून २०१९ रोजी उच्च न्यायालयाने टक्केवारी घटवून तो कायदा राखला. ५ मे २०२१ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो रद्द केला. त्या आरक्षणाच्या युक्तायुक्ततेची चर्चा मी येथे करत नाही. एवढेच दाखवायचे आहे की सार्वजनिक नोकरीतला वाटा रद्द करून मागायला जे साधन चालते, तेच साधन बारा वर्षांच्या झाडूवालीला कायम करून मागायला चालत नाही. साधन तटस्थ आहे असे म्हणणाऱ्यांनी याचे उत्तर द्यावे.

कल्याणाच्या प्रश्नांत चित्र थोडे निराळे आहे. तेथे दार उघडते, पण आत गेल्यावर अर्धाच माणूस दिसतो. अन्नाच्या हक्काची याचिका २००१ साली दाखल झाली. २८ नोव्हेंबर २००१ च्या आदेशाने शाळेत शिजवलेले अन्न देणे राज्यांवर बंधनकारक झाले. २० एप्रिल २००४ रोजी न्यायालयाने आणखी पुढे जाऊन सांगितले की स्वयंपाकी व मदतनीस नेमताना दलित, अनुसूचित जाती व जमातींना प्राधान्य द्यावे. ज्या देशात आपल्या हातचे पाणी चालत नव्हते तेथे आपल्या बाईच्या हातचे अन्न सगळ्या वर्गाने खावे, हा आदेश क्रांतिकारकच म्हटला पाहिजे. पण त्या बाईला मिळते काय? वेतन नव्हे, मानधन. केंद्राने ते २००९ साली महिना एक हजार ठरवले. आपल्या राज्याने वाढवत वाढवत २०२३ साली अडीच हजार केले, तेही वर्षातले दहा महिने. मुलाची भूक न्यायालयाला दिसली, तिच्या हाताची जातही दिसली; तिच्या श्रमाची किंमत मात्र याचिकेचा विषय नव्हती. मूळ याचिका २०१७ साली निकाली निघाली. अंगणवाडीतल्या बायांना २५ एप्रिल २०२२ च्या निकालाने उपदानाचा हक्क मिळाला, तो त्यांनी स्वतःच्या नावाने मागणी लावून धरली म्हणून.

मेळघाटचे उदाहरण याहून दुःखद आहे. कुपोषणाने मरणाऱ्या आदिवासी बालकांविषयीची याचिका मुंबई उच्च न्यायालयात २००७ साली आली. तेव्हापासून किती अहवाल, किती प्रतिज्ञापत्रे, किती ताशेरे झाले! २०२५ च्या नोव्हेंबरातही न्यायालय सरकारला बालमृत्यूंबद्दल खडसावतच होते. न्यायमूर्तींच्या संतापाविषयी मला शंका नाही. पण डॉक्टरची रिकामी जागा ताशेऱ्याने भरत नाही.

आणि काही वेळा याचिका आपल्याविरुद्धच जाते. शहरातल्या कचऱ्याविषयी अलमित्रा पटेल यांची जनहित याचिका गाजली. तिच्यातून २००० सालचे घनकचऱ्याचे नियम आले. शहर स्वच्छ व्हावे याला कोण विरोध करील? परंतु १५ फेब्रुवारी २००० च्या आदेशात न्यायालयाने झोपडपट्टीवासीयांना पर्यायी जागा देणे म्हणजे खिसेकापूला बक्षीस देणे होय, अशा आशयाची टिप्पणी केली. कचऱ्याचा खटला, आणि कचरा उचलणारी वस्ती आरोपीच्या पिंजऱ्यात! ते लोक पक्षकार असते तर हे वाक्य इतक्या सहज लिहिले गेले असते का?

मग मार्ग कोणता? मुंबईच्या कचरा वाहतूक श्रमिक संघाचा लढा आपल्या जवळचा आहे. महापालिका म्हणत होती की ही माणसे आमची नव्हेत, कंत्राटदारांची आहेत. संघटना जनहिताच्या दाराने गेली नाही. ती औद्योगिक न्यायाधिकरणात गेली. आमच्यावर देखरेख कोणाची, गाडी कोणाची, चौकी कोणाची, हजेरी कोण घेतो, याचा पुरावा तिने मांडला. २०१४ साली निवाडा झाला, आणि ७ एप्रिल २०१७ रोजी सर्वोच्च न्यायालयाने सुमारे २,७०० कामगार महापालिकेचे कायम कामगार आहेत हे मान्य केले. त्यानंतरही यादीतले नाव आणि कागदावरचे नाव जुळत नाही म्हणून कित्येकांना ताटकळावे लागले. म्हणजे नावाचा प्रश्न शेवटपर्यंत सुटत नाही. ज्याचे नाव यादीत, त्यालाच निकाल लागू.

याच प्रकारे २०१९ च्या डिसेंबरात गोवंडीत शौचटाकीत गुदमरून मेलेल्या कामगारांच्या तीन विधवा स्वतः उच्च न्यायालयात गेल्या, आणि सप्टेंबर २०२१ मध्ये प्रत्येकी दहा लाखांचा आदेश त्यांनी मिळवला. दहा लाखांचे ते तत्त्व सफाई कर्मचारी आंदोलनाच्या २००३ सालच्या याचिकेवर २०१४ साली ठरले होते. २०२३ मध्ये ती रक्कम तीस लाख झाली. यावरून दोन्हींचे नाते ध्यानात येते. सार्वत्रिक याचिका तत्त्व ठरवते. ते तत्त्व घरात आणायला मात्र ज्याचे माणूस गेले त्यालाच उठावे लागते. आणि ती सार्वत्रिक याचिकाही सफाई कामगारांच्या स्वतःच्या आंदोलनाची होती, हे विसरू नये.

हा मार्ग सोपा आहे असा आभास मला निर्माण करायचा नाही. १० एप्रिल २००६ च्या उमादेवी निकालाने रोजंदारीवरील लोकांना कायम करण्याचा मार्ग अरुंद केला आणि सरकारांनी त्याची ढाल केली. २० डिसेंबर २०२४ च्या जग्गो निकालात सर्वोच्च न्यायालयाने ही ढाल अशी वापरता येणार नाही असे बजावले. तो खटला लढणाऱ्यांत केंद्रीय जल आयोगाच्या कार्यालयात झाडलोट करणाऱ्या बाया होत्या. आपल्या राज्याच्या १९७१ च्या अनुचित कामगार प्रथा कायद्यात माणसाला वर्षानुवर्षे तात्पुरता ठेवणे ही अनुचित प्रथा आहे. पण २००१ च्या सिप्ला निकालानुसार कंत्राटी कामगाराने आधी मालक कोण हे दुसऱ्या दारात सिद्ध करायचे आणि मग येथे यायचे. त्यात २१ नोव्हेंबर २०२५ पासून नव्या कामगार संहिता अंमलात आल्या. कंत्राटी कामगारविषयक तरतुदींची मर्यादा वीस कामगारांवरून पन्नासवर गेली. आमच्या विहारातल्या बैठकीतली सगळी माणसे मोजली तरी पन्नास भरत नाहीत.

आणि काही प्रश्नांत न्यायालय हे ठिकाणच नव्हे. विद्यापीठातील राखीव जागा विभागवार मोजाव्यात, या अलाहाबादच्या निकालाविरुद्धची सरकारची याचिका २२ जानेवारी २०१९ रोजी सर्वोच्च न्यायालयात फेटाळली गेली. लहान विभागांत आपली जागा येण्याची शक्यताच संपली. ५ मार्चला देशभर बंद झाला, दोन दिवसांत अध्यादेश निघाला, आणि त्याच वर्षी कायदा झाला. न्यायालयात हरलेले रस्त्यावर आणि संसदेत परत मिळाले.

तेव्हा कार्यकर्त्यांनी याचिकेचा मसुदा हाती घेण्यापूर्वी स्वतःला तीन प्रश्न विचारावेत असे मला वाटते. ज्यांच्यासाठी हे चालले आहे ते पक्षकार होऊ शकतात का? होऊ शकत असतील तर आपण त्यांच्या जागी का उभे आहोत? आदेश मिळाला तर तो राबवून घेणारी संघटना उद्या सकाळी तेथे असेल का? या प्रश्नांची उत्तरे देता येत नसतील तर याचिका म्हणजे चळवळीची रजा ठरते. तारीख पडते, आपण वाट पाहतो, सभा थांबतात. बेपत्ता झालेली माणसे, तुरुंगातली माणसे, जीव मुठीत घेऊन जगणारी वस्ती, येथे त्रयस्थाने धावलेच पाहिजे. पण जी माणसे बोलू शकतात त्यांच्या वतीने बोलणे ही सेवा नव्हे.

त्या तरुण मित्राला माझे म्हणणे प्रथम रुचले नाही. नाव दिले की काम जाईल, असे तो म्हणाला, आणि ते खरेच आहे; मी स्वतः त्याच भीतीने सहा वर्षे गप्प बसलो होतो. म्हणून एकाने नाव द्यायचे नाही, सर्वांनी द्यायचे, आणि संघटनेमार्फत द्यायचे, असे दुसऱ्या बैठकीत ठरले. मसुदा बाजूला ठेवला. दोनशे पानी वही आणली. माझ्या दोन विद्यार्थिनींनी प्रत्येकीचे नाव, आधारावरचे नाव, हजेरीपटावरचे नाव, कोणत्या सालापासून, कोणता रस्ता, कोणता मुकादम, पगाराची पावती आहे की नाही, असे रकाने आखले. मावशींच्या नावाची तीन कागदांवर तीन रूपे निघाली. तिन्ही लिहून घेतली. पहिल्या पानावर त्यांचे नाव आहे. अजून अकरा जणींची माहिती यायची आहे. येत्या रविवारी विहारात पुन्हा बसायचे आहे.